सुंक : सोयरिकीच्या वचनाचा एक विस्मृत शब्द

कल्याणहून मुरबाड, टोकावडेमार्गे माळशेजकडे जाणाऱ्या रस्त्यावर सह्याद्रीच्या पायथ्याशी वैशाखरे हे गाव वसले आहे. गावापासून थोड्याच अंतरावर नाणेघाटाची चढण सुरू होते. कोकणातील कल्याण आणि सोपारा ही बंदरे देशावरील जुन्नर आणि प्रतिष्ठान या नगरांशी जोडणारा हा प्राचीन व्यापारी मार्ग होय. घाटमाथ्यावरील लेण्यात सातवाहन राणी नागनिकेचा ब्राह्मी लिपीतील आणि प्राकृत भाषेतील सुप्रसिद्ध शिलालेख आहे. घाटाच्या तोंडाशी असलेला भलामोठा दगडी रांजण ‘जकातीचा रांजण’ म्हणून ओळखला जातो. मालाने लादलेले बैल घेऊन घाट चढणाऱ्या सार्थवाहांनी या रांजणात नाणी टाकावीत आणि पुढे जावे, अशी परंपरा सांगितली जाते.

या जकातीला संस्कृत भाषेत ‘शुल्क’ म्हणत. प्राकृतात त्याची ‘सुंक’ आणि ‘सुक्क’ अशी रूपे झाली. आचार्य हेमचंद्रांनी (इ. स. १०८८ ते ११७२) आपल्या प्राकृत व्याकरणात या शब्दाच्या रूपांतरासाठी स्वतंत्र सूत्रच दिले आहे. कन्नड भाषेत जकातीला आजही ‘सुंक’ हाच शब्द वापरतात. परंतु या शब्दाला आणखी एक अर्थ होता आणि तो आज जवळजवळ विस्मृतीत गेला आहे. सोयरीक जुळविताना वरपक्षाने कन्यापक्षाला जे द्यावयाचे, त्यालाही ‘शुल्क’ किंवा ‘सुंक’ असेच म्हणत. घाटावरचे देणे आणि लग्नाच्या बोलणीतले देणे या दोहोंना एकच शब्द असावा, ही बाब वरवर पाहता विचित्र वाटते. त्या शब्दाचा इतिहास पाहिला म्हणजे मात्र विवाहसंस्थेचे, स्त्रीच्या स्थानाचे आणि दिलेल्या शब्दाच्या मोलाचे एक दीर्घ चित्र समोर उभे राहते.

आगमांतील सुंक

श्वेतांबर परंपरेतील आगमग्रंथांचे अंतिम संकलन इ. स.च्या पाचव्या शतकात वल्लभी येथे देवर्द्धिगणी क्षमाश्रमणांच्या नेतृत्वाखाली झाले. त्यांतील कथाभाग त्याहून पुष्कळ जुना आहे. सहावे अंग ‘ज्ञाताधर्मकथा’ आणि अकरावे अंग ‘विपाकसूत्र’ यांत सोयरिकीच्या बोलणीचे प्रसंग अनेकदा येतात आणि प्रत्येक वेळी एक प्रश्न जवळजवळ त्याच शब्दांत विचारला जातो. मागणी घालणारा विनयाने म्हणतो की, हा संबंध योग्य आणि शोभणारा वाटत असेल तर कन्या द्यावी, आणि तिच्यासाठी काय सुंक द्यावे तेही सांगावे. ही त्या काळातील रूढ रीत होती. तिला आडपडदा नव्हता आणि ती विचारण्यात कोणाला संकोचही वाटत नसे.

या प्रश्नाला मिळणारी उत्तरे मात्र लक्षात घेण्याजोगी आहेत. ज्ञाताधर्मकथेच्या चौदाव्या अध्ययनात तेतलिपुर नगरीचा अमात्य तेतलिपुत्र एका सुवर्णकाराच्या कन्येला, पोट्टिलेला, मागणी घालतो. सुंक काय द्यावे असे विचारताच सुवर्णकार उत्तरतो की, अमात्याने माझ्या कन्येच्या निमित्ताने माझ्यावर अनुग्रह केला, हेच माझे सुंक. विपाकसूत्राच्या नवव्या अध्ययनात रोहीतक नगरीचा राजा आपल्या पुत्रासाठी दत्त नावाच्या गृहस्थाची कन्या देवदत्ता मागतो, तेव्हा दत्तही याच आशयाचे उत्तर देतो. ज्ञाताधर्मकथेच्या सोळाव्या अध्ययनात चंपानगरीचा सार्थवाह जिनदत्त आपला पुत्र सागर याच्यासाठी सागरदत्ताची कन्या सुकुमालिका मागतो. सागरदत्त धन मागत नाही. एकुलत्या एक कन्येचा वियोग सहन होणार नाही, म्हणून जावयाने घरजावई होऊन राहावे, एवढी एकच अट तो घालतो.

यावरून दोन गोष्टी स्पष्ट होतात. सुंक विचारणे ही मागणी घालणाऱ्याची सभ्यता होती, आणि ते न घेणे ही कन्यापित्याची प्रतिष्ठा होती. धनाऐवजी संबंधाचाच गौरव मानावा, हा आदर्श त्या काळच्या व्यापारी आणि कारागीर समाजापुढे होता.

तथापि आगमकारांनी या कथा येथे थांबविलेल्या नाहीत. सुंक न घेता दिलेल्या पोट्टिलेवरील तेतलिपुत्राचे प्रेम कालांतराने ओसरले. ती त्याला नकोशी झाली, अखेर तिने आर्यिकांपाशी दीक्षा घेतली. सुकुमालिकेला तर सागराने पहिल्याच रात्री सोडून दिले. पित्याने कितीही उदात्त उत्तर दिले, तरी कन्येचे सुख त्याने सुरक्षित होत नाही, हे कटू सत्य या ग्रंथांनी झाकून ठेवलेले नाही. बोलणी दोन पुरुषांत झाली. त्या बोलणीचे फळ मात्र तिसऱ्याच व्यक्तीला भोगावे लागले. सुंकाच्या इतिहासातील मूळ प्रश्न हाच आहे.

धर्मशास्त्र आणि अर्थशास्त्र यांतील शुल्क

वैदिक परंपरेच्या ग्रंथांतही शुल्काची चर्चा विस्ताराने आली आहे. मनुस्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात कन्येच्या पित्याने अल्पसुद्धा शुल्क घेऊ नये, तसे करणारा अपत्यविक्रेता ठरतो, असा कडक निषेध आहे. धन देऊन केलेल्या विवाहाला ‘आसुर’ हे नाव देऊन तो निंद्य मानला गेला. मात्र त्याच ग्रंथाच्या नवव्या अध्यायात शुल्क देणारा वर विवाहापूर्वीच मरण पावल्यास काय करावे, याचा नियमही आहे. कन्येची अनुमती असेल तर तिला दिराला द्यावे, असे तो सांगतो. निषेध आणि नियम एकत्र नांदतात, त्याअर्थी प्रथा समाजात चालूच होती.

कौटिलीय अर्थशास्त्राची दृष्टी अधिक व्यावहारिक आहे. त्याच्या दुसऱ्या अधिकरणात नगरद्वारावर जकात घेणाऱ्या ‘शुल्काध्यक्षा’ची कर्तव्ये दिली आहेत, तर तिसऱ्या अधिकरणात विवाहातील शुल्काचे नियम आहेत. कन्येतील दोष लपवून तिचा विवाह करून देणाऱ्यास ९६ पण दंड आणि मिळालेले शुल्क व स्त्रीधन परत करणे, अशी शिक्षा सांगितली आहे. वराने आपला दोष लपविला तर दंड दुप्पट, शिवाय त्याने दिलेले शुल्क आणि स्त्रीधन बुडाले असे समजावे. फसवणूक करणाऱ्या वरपक्षाला अधिक जबाबदार धरणारी ही तरतूद दोन हजार वर्षांपूर्वीच्या मानाने विचारी म्हटली पाहिजे.

याज्ञवल्क्यस्मृतीने वाग्दानानंतर होणाऱ्या वादांचा विचार केला. कन्या देण्याचा शब्द देऊन तो मोडणारा दंडास पात्र ठरतो आणि वरपक्षाला झालेला खर्च त्याने व्याजासह भरून द्यावयाचा असतो. वाग्दत्त कन्या विवाहापूर्वी मृत्यू पावल्यास दोन्ही बाजूंचा खर्च वजा करून वराने आपण दिलेले परत घ्यावे. या स्मृतीवरील ‘मिताक्षरा’ टीका विज्ञानेश्वराने चालुक्य सम्राट सहावा विक्रमादित्य (इ. स. १०७६ ते ११२६) याच्या कारकीर्दीत कल्याणी येथे, म्हणजे आजच्या बसवकल्याणात लिहिली. परत घ्यावयाच्या वस्तूंत ती शुल्काबरोबर अंगठीसारख्या अलंकारांचाही निर्देश करते. साखरपुड्यात अंगठी घालण्याची रीत पूर्णपणे पाश्चात्त्य आहे, असा जो समज आढळतो, तो या उल्लेखाच्या प्रकाशात तपासून पाहावा लागतो.

याच स्मृतीत व्यापारी व्यवहाराच्या संदर्भात ‘सत्यंकार’ हा शब्द येतो. सौदा पक्का केल्याची खूण म्हणून आगाऊ दिलेले द्रव्य, म्हणजे आजच्या भाषेत इसार किंवा विसार, तो हा सत्यंकार. आपला शब्द खरा करून दाखविणारी वस्तू, असा त्याचा अर्थ. सत्यंकार घेऊन जो सौदा मोडेल त्याने ते द्रव्य दुप्पट परत करावे, असा नियम होता. कोकण-गोव्याच्या बोलीतील ‘संचकार’ हा इसाराचा शब्द त्याच कुळातील होय. बाजारातील वचन आणि विवाहातील वचन यांची रचना एकसारखी होती, ती अशी. तोंडी शब्द हवेत विरतो. त्याला वस्तूची जोड दिली की तो दृश्य होतो, साक्षीदारांच्या स्मरणात राहतो आणि मोडल्यास त्याचा हिशेब करता येतो.

किमतीकडून स्त्रीधनाकडे

शुल्काच्या इतिहासातील सर्वांत महत्त्वाचे वळण म्हणजे त्याचा स्वामी बदलला. आरंभी ते कन्येच्या पित्याला मिळत असे. पुढे शास्त्रकारांनी त्याची गणना स्त्रीधनाच्या प्रकारांत केली. याज्ञवल्क्याने बंधूंनी दिलेले धन, शुल्क आणि विवाहानंतर मिळालेले धन यांचा एकत्र निर्देश केला. कात्यायनाने शुल्काची व्याख्या करताना घरातील भांडीकुंडी, वाहतुकीची जनावरे, दुभती गुरे आणि अलंकार यांच्या मोलाचा उल्लेख केला आहे. नव्या संसाराला जे लागते त्याचे हे मोल होते. कन्येची ‘किंमत’ कन्येचीच ‘पुंजी’ व्हावी, असा हा प्रवास होता. शास्त्रकारांनी रूढी एकदम मोडली नाही. तिची दिशा मात्र बदलण्याचा प्रयत्न केला.

ठाणे जिल्ह्याच्या दृष्टीने आणखी एक ग्रंथ महत्त्वाचा आहे. सतराव्या शतकात नीलकंठ भट्टाने काशीत रचलेल्या ‘व्यवहारमयूख’ या ग्रंथाला ब्रिटिश काळातील न्यायालयांनी गुजरात, मुंबई बेट आणि उत्तर कोकण या भागांत विशेष प्रमाण मानले. वेगळी रूढी सिद्ध झाली नाही तर जैन कुटुंबांनाही हिंदू कायदाच लागू करण्याचे न्यायालयांचे धोरण असल्याने, या परिसरातील अनेक जैन घरांच्या स्त्रीधनाचा आणि वारशाचा निर्णय त्या ग्रंथाच्या आधारे होत असे. पुढे महामहोपाध्याय पां. वा. काणे यांनी या ग्रंथाची संपादित आवृत्ती सिद्ध केली.

जैन विवाहविधीतील वाग्दान

जैन विवाहविधीच्या ग्रंथांत सुंकाची जागा ‘वाग्दान’ या संकल्पनेने घेतली. श्वेतांबर परंपरेत वर्धमानसूरींनी विक्रम संवत १४६८ मध्ये ‘आचारदिनकर’ हा ग्रंथ रचला. त्यात गृहस्थाच्या सोळा संस्कारांत विवाहविधीचे सविस्तर वर्णन आहे. दिगंबर परंपरेत सोमसेन भट्टारकांनी विक्रम संवत १६६७ मध्ये रचलेल्या ‘त्रैवर्णिकाचार’ ग्रंथात विवाहाची पाच अंगे सांगितली आहेत. वाग्दान, प्रदान, वरण, पाणिपीडन आणि सप्तपदी ही ती पाच अंगे होत. वाग्दान हे पहिले अंग आणि सप्तपदी हे शेवटचे. मनुस्मृतीनेही विवाहाची पूर्णता सातव्या पावलावरच मानली आहे. वाग्दान हे वचन आहे, विवाह नव्हे, हे दोन्ही परंपरांना मान्य होते.

या संदर्भात बाविसावे तीर्थंकर भगवान नेमिनाथ आणि राजीमती यांच्या कथेचे स्मरण अपरिहार्य ठरते. उत्तराध्ययनसूत्राच्या बाविसाव्या अध्ययनात ही कथा येते. श्रीकृष्णाने अरिष्टनेमींसाठी राजीमतीची मागणी घातली, बोलणी झाली, वरात निघाली. वाटेत कोंडलेल्या प्राण्यांचा आक्रोश ऐकून आणि ते आपल्याच विवाहासाठी मारले जाणार आहेत हे कळताच नेमिनाथांनी कानांतील कुंडले, कटिसूत्र आणि सर्व आभरणे सारथ्याला देऊन टाकली. ज्या अलंकारांनी वचनाची शोभा वाढवावयाची, तेच उतरवून ते वचनाच्या बंधनातून बाहेर पडले. राजीमतीवर कोणताही विधी झाला नव्हता. ती दुसरा विवाह करण्यास मोकळी होती. तिने मात्र स्वतःच्या निर्णयाने संयममार्ग स्वीकारला, आणि पुढे विचलित झालेल्या रथनेमीला तिनेच स्थिर केले. बोलणी मोडल्यानंतर कन्येने कोणाच्या दयेवर न राहता स्वतःचा मार्ग निवडला, हे या कथेचे वैशिष्ट्य आहे.

देज, हुंडा आणि लग्नगडी

मराठी मुलखात शुल्काचा वारसा ‘देज’ या शब्दाने चालविला. वराकडून कन्येच्या घरी द्यावयाचे धन, धान्य किंवा वस्त्रे म्हणजे देज. ठाणे जिल्ह्यातील वारली आदी आदिवासी समाजांत ही पद्धत दीर्घकाळ टिकून राहिली. मुलगी राबणारी असते, तिच्या जाण्याने आईबापांच्या घरातील दोन हात कमी होतात, त्याची भरपाई म्हणून देज द्यावे, ही त्यामागील भावना. शेतकरी आणि कारागीर जातींतही ती होती. उच्चवर्णीय समाजांत मात्र प्रवाह उलटा वाहू लागला आणि कन्यापक्षाने वराला द्यावयाचा ‘हुंडा’ रूढ झाला. पेशवाईत ब्राह्मणांमधील कन्याविक्रयाला बंदी करणारे हुकूम काढावे लागले, यावरून त्या वर्गातही एके काळी धन कन्यापक्षाकडे जात असे, हे उघड होते.

वचनाच्या या खुणेने याच जिल्ह्यात एक भीषण रूपही धारण केले. लग्नाचा खर्च भागविण्यासाठी गरीब आदिवासी तरुण जमीनदाराकडून किंवा सावकाराकडून कर्ज काढी आणि ते फेडण्यासाठी पत्नीसह त्याच्या घरी व शेतावर राबू लागे. कर्ज फिटत नसे, वेठ संपत नसे. अशा माणसाला ‘लग्नगडी’ म्हणत. सायमिंग्टन या अधिकाऱ्याने १९३९ साली मुंबई सरकारला सादर केलेल्या अहवालात आदिवासींच्या या अवस्थेची दखल घेतली गेली. १९४५ मध्ये उंबरगाव-डहाणू भागातील वारल्यांनी वेठबिगारीविरुद्ध लढा उभारला. त्याचे नेतृत्व करणाऱ्या गोदावरी परुळेकर यांनी ‘जेव्हा माणूस जागा होतो’ या १९७० साली प्रसिद्ध झालेल्या पुस्तकात लग्नगड्यांचे जिणे नोंदवून ठेवले आहे. पुढे १९७६ च्या कायद्याने देशभर वेठबिगारी रद्द झाली.

व्यापार आणि सावकारी यांच्याशी ज्यांच्या पिढ्यांचा संबंध आला, त्या सर्वच समाजांनी हा इतिहास वाचला पाहिजे. परिग्रहाचे परिमाण हे श्रावकाच्या बारा व्रतांतील एक व्रत आहे. दुसऱ्याच्या मंगल प्रसंगातून त्याची आयुष्यभराची गुलामी निर्माण करणारा व्यवहार त्या व्रतात बसत नाही, हे सांगण्यास वेगळ्या शास्त्राधाराची गरज नाही.

यादी आणि कायदा

आज मराठी घरांत साखरपुडा, सुपारी फोडणे आणि कुंकू लावणे, तर गुजराती-मारवाडी जैन घरांत सगाई, श्रीफळ-रुपया आणि गोळधाणा या रूपांत सुंकाची स्मृती शिल्लक आहे. नारळ, सुपारी, गूळ, धणे आणि एक रुपया यांचे बाजारमूल्य नगण्य आहे. त्यांचे मोल खूण म्हणून आहे. तथापि याच सुमारास दोन्ही बाजूंचे वडीलधारे बसून देण्याघेण्याची ‘यादी’ करतात, आणि खुणेचे रूपांतर पुन्हा किमतीत होण्याचा धोका तेथेच असतो.

कायद्याने या बाबतीत निश्चित भूमिका घेतली आहे. १९५५ चा हिंदू विवाह कायदा जैनांनाही लागू आहे. साखरपुडा झाला म्हणून कोणालाही विवाहाची सक्ती करता येत नाही. १९६१ च्या हुंडा प्रतिबंधक कायद्याने हुंडा घेणे, देणे आणि मागणे हे तिन्ही गुन्हे ठरविले. हुंडा म्हणून काही घेतले गेलेच, तर ते घेणाऱ्याने ठरावीक मुदतीत त्या स्त्रीच्याच स्वाधीन केले पाहिजे, असेही तो कायदा सांगतो. स्वखुशीने दिलेल्या भेटींची लेखी यादी ठेवण्याचे नियम १९८५ मध्ये झाले. म्हणजे जी यादी एके काळी मागण्यांची होती, ती कायद्याने वधूच्या संरक्षणाचे साधन केली. सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्ये प्रतिभा राणी खटल्यात स्त्रीधन हे पूर्णतः पत्नीचे असून सासरच्या मंडळींकडे ते केवळ विश्वासाने ठेवलेले असते, हे स्पष्ट केले. कात्यायनाच्या व्याख्येत ज्या विचाराची बीजे होती, त्याला अशा रीतीने कायद्याचे बळ लाभले.

समारोप

सुंक या शब्दाचा प्रवास येथपर्यंतचा आहे. तो घाटावरच्या जकातीत होता, आगमांतील बोलणीत होता, स्मृतींच्या वादविवादात होता आणि देजेच्या रूपाने ठाण्याच्या रानावनांतही होता. शब्द गेला, परंतु त्याने उभे केलेले प्रश्न गेलेले नाहीत. दिलेली वस्तू कोणाची, मोडलेल्या वचनाचा भार कोणी उचलावयाचा आणि ज्या कन्येसाठी हे सर्व चालते तिला कोणी विचारले काय, हे प्रश्न प्रत्येक सोयरिकीच्या बैठकीत आजही हजर असतात.

तेतलिपुरच्या सुवर्णकाराने अमात्यापुढे धनाचा हव्यास धरला नाही, हे त्याचे मोठेपण होय. त्याच्या उत्तरात एकच उणीव राहिली. अनुग्रह झाला तो आपल्यावर, असे तो म्हणाला, पोट्टिलेचे मत त्याने विचारले नाही. आजच्या बैठकीत ती उणीव भरून काढणे कोणत्याही कुटुंबाला अशक्य नाही. श्रीफळ आणि रुपया हाती देण्यापूर्वी मुलीचा आणि मुलाचा मनमोकळा होकार घेतला जावा, आणि जे काही दिले जाईल ते तिच्या नावाने, तिच्या स्वाधीन राहावे. एवढे झाले म्हणजे वचनाची खूण ही खूणच राहील, तिची किंमत होणार नाही.